चालू काम

टायरच्या दुकानावरून वर जाणाऱ्या लाकडी जिन्याची मधली पायरी ढिली आहे. माहितगार माणूस ती ओलांडून जातो. नवखा तिच्यावर पाय देतो, दचकतो आणि जिना करणाऱ्याच्या नावानं काहीतरी पुटपुटतो. पायरी ठोकून घ्यायला अर्धा दिवससुद्धा लागणार नाही. पण ओलांडायची सवय सगळ्यांच्या पायांना इतकी झाली आहे, की ती मोडकी आहे हेच लोक विसरले आहेत. आवराताई तेवढ्या विसरल्या नव्हत्या. रोज सकाळी ती पायरी ओलांडताना त्यांच्या कपाळाला एक आठी पडायची, आणि ऑफिस सुटेपर्यंत तिच्या शेजारी आणखी चार येऊन बसायच्या.

आवराताई हे काही त्यांचं खरं नाव नव्हे. "आवरा आता, आवरा" हे त्यांच्या तोंडात बसलेले शब्द. लग्न होऊन सासरी आल्या तेव्हा आठवड्याभरात त्यांनी स्वयंपाकघरातले डबे असे लावले, की सासूबाईंना महिनाभर स्वतःच्याच घरात मीठ सापडेना. सासूबाई चिडल्या, धुसफुसल्या, आणि मग एक दिवस अंधारात, वीज गेलेली असताना, त्यांचा हात बरोबर काडेपेटीवर पडला. तेव्हापासून त्या शेजारणींना सांगायच्या, "आमची सून हात लावील तिथं वस्तू सापडते." ताईंना आयुष्यात कुणी केलेलं ते पहिलं कौतुक. त्यांनी ते जपून ठेवलं होतं.

ऑफिसात मात्र वस्तू सापडत नव्हती.

ऑफिस पूर्वी छापखाना होतं. भिंतींना अजून शाईचा वास यायचा. छपाईचे दिवस सरले तेव्हा मालकांनी यंत्रं विकली आणि वेबसाइट करून द्यायचा धंदा मांडला. ताई तिथं मजकूर जुळवायला होत्या, त्या कोड जुळवायला शिकल्या. पीएचपी नावाची भाषा त्यांनी एका जाड पुस्तकातून, डाळ शिजेपर्यंतच्या वेळात, थोडी थोडी करून डोक्यात उतरवली. आता केसांत रुपेरी धागे आले होते आणि शहराच्या पाणीपुरवठा खात्याची अख्खी वेबसाइट त्यांच्या भरवशावर उभी होती. पाणी कधी येणार, कुठल्या भागात येणार नाही, हे ती वेबसाइट घराघरांत मेसेज पाठवून कळवायची.

ती एका फ्रेमवर्कवर बांधलेली होती. फ्रेमवर्क म्हणजे सुतारानं आधीच करून दिलेली चौकट. कुठल्या खोलीत काय ठेवायचं ते तिच्यात ठरलेलं असतं. चौकटीचं स्वतःचं सामान एका फोल्डरमध्ये, आपण लिहिलेलं दुसऱ्यात, जगाला दिसणारी चित्रं तिसऱ्यात. शिवाय एकच वेबसाइट वेगवेगळ्या जागी वेगळी वागली पाहिजे. आपल्या कॉम्प्युटरवर मोडतोड करताना तिच्याजवळ खोटे फोन नंबर असावेत, आणि खऱ्या सर्व्हरवर खरे. या जागांना धंद्यातली माणसं एन्व्हायर्नमेंट म्हणतात. मुक्काम म्हटलं तरी चालेल. जसा मुक्काम तशा किल्ल्या, म्हणजे तसे नंबर, तसे पासवर्ड.

हे सगळं त्या जाड पुस्तकात होतं. ऑफिसात काय होतं, तर अख्ख्या वेबसाइटच्या नकलाच नकला, आणि प्रत्येक नकलेत किल्ल्या दाराला लटकलेल्या.

"हे 'शेवटचं' नावाचं फोल्डर कशाला रे?" ताईंनी एकदा विचारलं होतं.

"ते शेवटचं होतं ना, ताई."

"मग हे 'शेवटचं खरं'?"

"ते खरं शेवटचं."

"आणि 'शेवटचं खरं नवीन'?"

समोरच्या माणसानं मान वाकडी करून पडद्याकडे पाहिलं. "त्याचं मलाही नवलच वाटतं," तो म्हणाला.

"टाकू काढून?"

"नको, नको! त्यातल्या एका फाइलवर तक्रारीचं पान चालतंय."

"कुठल्या फाइलवर?"

"तेच तर कळत नाही म्हणून नको म्हणतोय."

हा समोरचा माणूस म्हणजे तात्पुरते. हेही आडनाव नव्हे. पोट सुटलेला, गोड बोलणारा, चाळिशीतला गृहस्थ. काहीही विचारलं की म्हणायचा, "तात्पुरतं केलंय, मग नीट करू." त्याची तात्पुरती कामं इतकी वर्षं टिकली होती, की नवीन गिऱ्हाइकं त्याला खरोखरच "तात्पुरते साहेब" म्हणायची आणि तोही ओ द्यायचा. चौकटीच्या स्वतःच्या सामानातसुद्धा त्यानं जागोजागी आपल्या कोडचे खिळे ठोकून ठेवले होते. चौकट नवी आणावी तर खिळे जातील आणि खिळे गेले तर काय काय गळून पडेल, ते तोही सांगू शकत नव्हता.

मालकांकडे तक्रार नेली की ते हात जोडायचे. "चाललंय ना, ताई? मग कशाला डिवचायचं?"

असं चाललं होतं. आणि अशातच लेकीचा फोन आला.

लेक दूरच्या शहरात राहायची. पहिलटकरीण. डॉक्टरांनी दिवस सांगितले होते, ते जवळ आले होते.

"आई, तू येणार ना?"

"म्हणजे काय! महिनाभर राहणार."

"नुसती येऊ नकोस. फोन बंद ठेवून ये." लेकीच्या आवाजात हसू होतं, पण पुरतं नव्हतं. "माझ्या लग्नाच्या फोटोंत बघ. सगळ्या फोटोंत तुझ्या कानाला फोन आहे. मला हार घालतानाच्या फोटोत तू भिंतीकडे तोंड करून कुणाला तरी सांगतेयस, जुन्यात नको, नवीनमध्ये बघ."

फोन ठेवून ताई उगाच ओटा पुसत राहिल्या. पुसलेला ओटा परत पुसत राहिल्या.

दुसऱ्या दिवशी त्यांनी रजा मागितली. मालक म्हणाले, "जा की! तात्पुरतेला मेसेज पाठवायचं तेवढं शिकवा आणि खुशाल जा."

शिकवणी सुरू झाली. दुपारी ताई डबा उघडून बसल्या होत्या. तात्पुरते पलीकडून ओरडला, "ताई, मेसेज लिहिलाय. कुठं करून बघू?"

ताईंच्या तोंडात घास होता. घास गालात सारून त्या म्हणाल्या, "चालू काम आहे ना, त्यात करून बघ."

आता इथं जरा थांबून सर्व्हरवर काय होतं ते सांगायला हवं. तिथं बाकीच्या पसाऱ्यात दोन फोल्डर शेजारी शेजारी होते. एकाचं नाव 'चालू', दुसऱ्याचं 'काम'. वेबसाइट सुरू झाली त्या दिवशी मालकांनी पेढे वाटणाऱ्याच्या थाटात सगळ्यांना सांगितलं होतं, "आपली साइट चालू झाली!" आणि त्याच आनंदात खऱ्या साइटच्या फोल्डरला 'चालू' नाव दिलं होतं. मोडतोडीची नक्कल होती ती 'काम'. ताईंच्या लेखी चालू काम म्हणजे सध्या जे काम हातात आहे ते, म्हणजे 'काम'. तात्पुरतेनं चालू एवढंच ऐकलं आणि 'चालू' उघडलं.

आधी मालकांचा फोन वाजला. मग ताईंचा. मग खाली टायरच्या दुकानात दोन-तीन वाजले. मग रस्त्यापलीकडच्या औषधाच्या दुकानात, मग थांबलेल्या बसमध्ये, आणि मग सगळ्या गल्लीतून एकदम असा आवाज आला, जसं कुणी चमच्यांचं पोतं जिन्यावरून खाली ओतावं.

ताईंनी फोन उघडला. 'तात्पुरते: उद्या पाणी येणार नाही. आंघोळी आजच उरकून घ्या.'

"हे काय आहे?" त्यांनी फोन तात्पुरतेसमोर धरला.

"कच्चा मेसेज आहे म्हणून माझं नाव घातलं होतं पुढं," तात्पुरते म्हणाला. "म्हणजे कळावं, की हा माझा."

शहराला ते तसं कळलं नव्हतं. शहराला कळलं, की उद्या तात्पुरतं पाणी नाही.

"अरे, पण पाठवलास कुठून?"

"चालूमधून! तुम्हीच म्हणालात, चालू काम!"

"चालू काम म्हणजे जे काम चालू आहे ते! 'काम'!"

"मग 'चालू' काय आहे?"

"जी साइट चालू आहे ती!"

तात्पुरतेनं डोळे मिटून घेतले. "म्हणजे जे 'चालू' आहे ते चालू काम नाही, आणि जे चालू काम आहे ते 'चालू'त नाही."

दारात उभे राहिलेले मालक म्हणाले, "आणि तुम्ही दोघांनी मिळून जे केलंय ना, त्याला आमच्या छापखान्यात चालू काम म्हणायचे."

ताईंनी जेवण तसंच टाकून दुसरा मेसेज धाडला. 'आधीचा मेसेज चुकून गेला. उद्या पाणी नेहमीप्रमाणे येईल.' पण पाण्याच्या बाबतीत चांगल्या बातमीवर माणूस विश्वास ठेवत नाही. लोक म्हणाले, आता सारवासारव चाललीय, म्हणजे नक्कीच येणार नाही.

संध्याकाळी ताई घरी गेल्या तर दारातच पिंप. न्हाणीघरात बादल्या, स्वयंपाकघरात पातेली, कपाटावरून काढलेली लेकीची लहानपणची आंघोळीची परात, सगळं काठोकाठ. ताईंच्या नवऱ्याचं केस कापायचं दुकान होतं. तो फवाऱ्याच्या बाटल्यांत पाणी भरत बसला होता.

"अहो, दुसरा मेसेज वाचला नाहीत का?"

"वाचला की."

"मग?"

"पहिला तुमच्या ऑफिसातून आला म्हणून भरलं. दुसराही तुमच्याच ऑफिसातून आला म्हणून आणखी भरलं."

ताई पिंपाला टेकून उभ्या राहिल्या. बसायला जागा कोरडी नव्हती.

सगळ्या शहरानं असंच केलं. घराघरांतले नळ एकाच वेळी सुटले, ते संध्याकाळभर सुटलेलेच राहिले. टेकडीवरची मोठी टाकी रात्र पडायच्या आत तळाला गेली. आणि दुसऱ्या दिवशी खरोखरच पाणी आलं नाही.

ताई ऑफिसात गेल्या त्या मनाशी सगळं ठरवून. साहेबांचा फोन येईल, बोलणी बसतील. बसू देत. निदान त्यानिमित्तानं हा उकिरडा उपसता येईल. पाणी खात्याच्या साहेबांचा फोन आला. मालकांनी तो दोन्ही हातांनी धरला. "हो साहेब... अं?... हो, हो, आमचं लक्ष असतंच, साहेब..." आणि त्यांचा चेहरा हळूहळू उजळत गेला.

फोन ठेवून ते म्हणाले, "साहेब खूश आहेत! टाकी रिकामी झाली, पण कुणाची तक्रार नाही. लोक म्हणतात, खात्यानं प्रथमच आदल्या दिवशी सांगितलं आणि सांगितल्याप्रमाणे झालं. मिटलं बघा!"

"मिटलं?" ताई म्हणाल्या.

"मिटलं की."

"मालक, आपण खोटं बोललो आणि ते खरं झालं. याला मिटणं म्हणतात? पुढच्या खेपेला त्यानं 'पाण्यात औषध पडलंय, पिऊ नका' असं करून बघितलं म्हणजे?"

"असं मी कशाला लिहीन?" तात्पुरते दुखावून म्हणाला. "फार तर तात्पुरतं लिहीन."

मालकांनी ताईंना खुर्ची दिली. एका बाजूचा हात मोडलेली, पण ऑफिसातली त्यातल्या त्यात चांगली. खुर्ची मिळाली तेव्हाच ताईंनी ओळखलं, की आता काहीतरी मागणं येणार.

"ताई, आता तुम्हीच पाहिलंत. तुम्ही नसताना काय होईल याची मला कल्पनाही करवत नाही. तेवढी रजा तुम्ही पुढं ढकला."

"बाळंतपण पुढं ढकलू?"

"तसं नाही..."

"मग कसं? लेकीला कळवू का, की थांब जरा, इथं फोल्डर सापडत नाहीये? आणि मी नसताना म्हणे! मालक, मी होते! इथं, या टेबलाला, त्याच्या कोपराला कोपर लावून जेवत होते. मी असूनही झालं. तेव्हा माझ्या असण्यानं काही अडत नाही. अडतं ते त्या नावांनी, त्या नकलांनी आणि दाराला लटकवलेल्या किल्ल्यांनी."

खाली टायरमध्ये हवा भरणारं यंत्र घरघरत होतं. ते थांबलं.

"ठीक," मालक म्हणाले. "तात्पुरतेनं तुम्हाला एक अक्षर न विचारता मेसेज बरोबर जागी पाठवून दाखवला, तर तुम्ही जा."

"एक अक्षर?" तात्पुरते म्हणाला.

मग ताई कामाला लागल्या. ते काम बघायला सुंदर नव्हतं. त्या पुटपुटत होत्या, उसासे टाकत होत्या, मधूनच टेबलावर थाप मारून म्हणत होत्या, "अरे, हे इथं कुणी कोंबलं?" आणि तात्पुरते दर वेळी खिडकीबाहेर काहीतरी बघत होता. नकलांतून एकच खरी प्रत निवडून काढली. फ्रेमवर्कची कोरी चौकट आणली, जुन्या चौकटीतले खिळे एकेक उपटून आपल्या फोल्डरात, आपल्या जागी लावले. तक्रारीचं पान कुठल्या फाइलवर चालतं ते सापडलं. फाइलचं नाव होतं 'बघू'. त्या दिवशी ताईंनी चहा घेतला नाही. शेवटी किल्ल्या कोडमधून काढून ज्या त्या यंत्राच्या पोटात ठेवल्या. खरे नंबर फक्त खऱ्या सर्व्हरपाशी. तात्पुरतेच्या कॉम्प्युटरवर जे नंबर राहिले ते ऑफिसातल्याच तिघांचे.

राहिली मुक्कामांची नावं. पुस्तकात इंग्रजी नावं होती. तात्पुरतेला त्यातलं पहिलं कुठलं आणि शेवटचं कुठलं हे कधीच लक्षात राहत नसे.

"मराठीत करू," मालक म्हणाले. ते तरुणपणी नाटकात कामं करायचे. "तालीम आणि प्रयोग! आधी तालीम, मग प्रयोग."

"वा!" तात्पुरते म्हणाला. "म्हणजे काही करून बघायचं असलं, की प्रयोगात करायचं."

"अरे, प्रयोग म्हणजे खरा! लोकांसमोरचा!"

"प्रयोग म्हणजे करून बघणं. शाळेत प्रयोगवही नव्हती का तुम्हाला?"

ताईंनी दोन्ही हातांनी डोकं धरलं. एका शब्दानं टाकी रिकामी केली, आता हा दुसरा शहर बुडवायला निघाला होता. त्या उठून खिडकीशी गेल्या. खाली रस्ता वाहत होता. टायरवाल्याची बायको आपल्या अंगणात पोराला घसाघसा घासून आंघोळ घालत होती, पोरगं बोंबलत होतं, शेजारीण कुंपणावरून बघत होती आणि सांगत होती, "कानामागं राहिलंय गं." पोरगं निसटून तसंच ओलं रस्त्यावर पळालं. सगळी गल्ली हसली.

ताई वळल्या. "घर, अंगण, चव्हाटा," त्या म्हणाल्या.

"काय?"

"घरात तू काय वाटेल ते कर, कुणाला दिसत नाही. अंगणात आणलंस, की खात्याचा माणूस कुंपणावरून बघेल आणि काय राहिलंय ते सांगेल. तिथं बरं दिसलं, तरच चव्हाट्यावर न्यायचं. सांग, चव्हाट्यावर काही करून बघशील का?"

तात्पुरतेनं नकळत शर्टाचं वरचं बटण लावलं. "छे. चव्हाट्यावर कोण करून बघतं?"

परीक्षा झाली. ताई तोंडाला पदर लावून मोडक्या खुर्चीत बसल्या, की चुकून शब्द निसटू नये. तात्पुरतेनं मेसेज लिहिला. घरात चालवला. तिघांचे फोन वाजले, मालक दचकले. अंगणात नेला. खात्यातल्या माणसानं फोन करून सांगितलं, की 'पाणी'चा काना राहिलाय. काना दिला. मग तात्पुरतेचं बोट त्या शेवटच्या नावावर येऊन थांबलं. त्यानं ताईंकडे पाहिलं. ताईंनी भिंतीकडे पाहिलं. त्यानं मालकांकडे पाहिलं. मग उठून पाणी प्याला, परत बसला, मेसेज पुन्हा एकदा ओठ हलवत वाचला. आणि त्यातून स्वतःचं नाव खोडलं. मगच बोट टेकवलं.

इतकी वर्षं ताईंनी त्याला काहीही दोनदा वाचताना पाहिलं नव्हतं.

"जा," मालक म्हणाले, जरा नाराजीनंच. "महिन्याचीच रजा हं."

उतरताना ताईंनी ढिल्या पायरीवर मुद्दाम पाय दिला. ती करकरली. तिला एक शिवी हासडून त्या गेल्या.

दवाखान्याच्या लांब, फिनेलचा वास येणाऱ्या व्हरांड्यात बाकावर ताई, त्यांचा नवरा आणि अनोळखी माणसं बसली होती, तेव्हा फोन वाजला. ताईंनी तो बंद करायला काढला आणि चुकून उचलला गेला.

"ताई, विचारत नाहीये हं, नुसतं सांगतोय," पलीकडून तात्पुरते म्हणाला. "अंगणात सगळं नीट दिसतंय. चव्हाट्यावर नेतो."

त्याचा आवाज मोठा. बाकावरची एक बाई सावरून बसली.

"ने," ताई म्हणाल्या आणि फोन बंद केला. नुसता गप्प नव्हे, पार बंद.

"कुणाचं काय चव्हाट्यावर?" नवऱ्यानं हळूच विचारलं.

उत्तर द्यायला वेळ मिळाला नाही. दार उघडलं होतं.

नात झाली होती. लाल, सुरकुतलेली, मुठी आवळून जगावर चिडलेली. तिचं तोंड पाहून लेक थकलेल्या आवाजात हसली. "आई, आठ्या बघ. थेट तुझ्या."

ताईंनी तिला उचललं. दोन्ही हात मोकळे होते. खूप वर्षांनी मोकळे होते. "काय म्हणायचं गं हिला?" त्यांनी विचारलं.

"ठरलं नाहीये अजून. सध्या तात्पुरतं चिमणी म्हणतोय."

"अजिबात नाही!" ताई इतक्या जोरात म्हणाल्या, की नर्स वळून बघू लागली. "तात्पुरतं काही ठेवायचं नाही. आत्ताच्या आत्ता ठरवा. नाहीतर साठ वर्षांची होईल आणि लोक चिमणीच म्हणतील."

पण ताईंचा नवरा तोवर वाकून म्हणालाच होता, "चिमणे, ए चिमणे," आणि नातीनं नेमका त्याच वेळी एक डोळा उघडला.